बिबट्या घरामागे की शेतापलीकडे?

असा एखादा फोटो तुम्ही नक्की पाहिला असेल. पुढे कौलारू घर, अंगणात दोरीवर वाळत घातलेले कपडे, आणि घराच्या भिंतीला लागूनच, बांधावर, बसलेला बिबट्या. शिरूर तालुक्यात असा फोटो एका मोबाइलवर आला की संध्याकाळपर्यंत दहा गावांत पोचतो. दुसऱ्या दिवशी मुलांना शाळेत एकटे पाठवायला आया तयार नसतात. त्यांचे काही चुकते असे कोणी म्हणू नये. २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये याच तालुक्यातल्या पिंपरखेड परिसरात बिबट्याच्या हल्ल्यांत तीन जणांचा जीव गेला, त्यांत दोन मुले होती.

भीती खरी आहे. पण प्रश्न फोटोचा आहे. बिबट्या खरोखर भिंतीला लागून बसला होता का?

हल्ली संगणकावर साफ खोटी चित्रेही बनवता येतात. ती आपण बाजूला ठेवू. आपला फोटो अस्सल आहे, कोणी त्यात काडीचाही फेरफार केलेला नाही. तरीही तो आपल्याला फसवू शकतो. कसा, ते पाहायला एक प्रयोग करा.

मळ्याकडे जाणारा एखादा सरळ, मोकळा रस्ता निवडा. सारख्या उंचीचे दोन मित्र एकामागे एक, दहा पावलांच्या अंतराने उभे करा. मागचा थोडा बाजूला सरकलेला असू द्या, म्हणजे तो झाकला जाणार नाही. आता पुढच्या मित्रापासून पाच पावलांवर उभे राहून फोटो घ्या. पुढचा पाच पावलांवर, मागचा पंधरा पावलांवर. म्हणजे मागचा मित्र फोटोत पुढच्याच्या एक तृतीयांश उंचीचा दिसेल. मग मागे मागे जात शंभर पावलांवर जा आणि झूम करून पुन्हा फोटो घ्या. आता पुढचा शंभर पावलांवर, मागचा एकशे दहा पावलांवर. मागच्याची उंची पुढच्याच्या अकरातले दहा हिस्से! दोघे जणू खांद्याला खांदा लावून उभे आहेत. मित्र जागचे हललेही नाहीत. हललात ते तुम्ही.

पुष्कळांना वाटते, ही करामत लांब पल्ल्याच्या भिंगाची. तसे नाही. शंभर पावलांवरूनच झूम न करता फोटो घ्या आणि नंतर तो पडद्यावर मोठा करून पाहा. दोघांच्या उंचीचे प्रमाण तेच निघेल. प्रमाण ठरते ते तुम्ही कुठे उभे आहात यावर. भिंग फक्त दूरचा तुकडा मोठा करून आपल्या हातात देते.

आता आपल्या फोटोकडे वळू. समजा, तो घरापासून ३०० मीटरवरच्या एका गच्चीवरून घेतला आणि बिबट्या घराच्या मागे ६० मीटरवर, शेताच्या पलीकडच्या बांधावर होता. एक अंतर ३००, दुसरे ३६०. बिबट्या आकाराने फक्त एक षष्ठांश लहान दिसणार. एवढा फरक कोणाच्या लक्षात येतो? मधले ६० मीटरचे शेत फोटोत चेपून एक हिरवी रेघ होऊन बसते. हाच फोटो कोणी बाजूने, घर आणि बांध यांना जोडणाऱ्या रेषेशी काटकोनात उभे राहून घेतला असता, तर ते शेत पूर्ण रुंदीने उलगडले असते. वनखात्याच्या माणसाला पिंजरा कुठे लावायचा हे ठरवायला तसाच फोटो हवा.

रात्रीच्या फोटोची तऱ्हा आणखी वेगळी. अवरक्त प्रकाशात घेतलेल्या चित्राला रंग नसतो, मागचे सारे काळेकुट्ट असते आणि शेजारी मोजमापाला काही नसते. कॅमेरा जमिनीलगत असेल तर उसातून निघालेले बाऊल, म्हणजे रानमांजर, वाघाएवढे रुबाबदार दिसते. यावर उपाय अगदी साधा. प्राणी निघून गेल्यावर कॅमेरा न हलवता त्याच जागी खुणा केलेली काठी उभी करून दुसरा फोटो घ्यायचा. दोन्ही चित्रे शेजारी ठेवली की खांद्याची उंची मोजता येते.

‘आमच्या गावात वीस बिबटे आहेत,’ असे कोणी सांगितले आणि पुरावा म्हणून वीस फोटो दाखवले, तर? फोटो वीस, हे खरे. बिबटे किती? एकच बिबट्या रोज रात्री त्याच चारीवरून जात असेल, तर वीस रात्रींत वीस फोटो. त्यात दुसरी गंमत अशी, की बिबट्याच्या अंगावरचे ठिपके आपल्या बोटांच्या ठशांसारखे प्रत्येकाचे वेगळे असतात. पण एकाच बिबट्याच्या डाव्या आणि उजव्या कुशीवरचे ठिपकेही एकमेकांशी जुळत नाहीत. कॅमेऱ्याने आज जाताना डावी कूस टिपली, उद्या येताना उजवी, तर एकाचे दोन बिबटे होतात! म्हणून अभ्यासक वाटेच्या दोन्ही बाजूंना, साधारण गुडघ्याच्या उंचीवर, समोरासमोर दोन कॅमेरे बांधतात. दोन्ही कुशी एकदमच टिपल्या जातात.

ठिपके ओळखता आले की गणित सोपे. समजा पहिल्या फेरीत ८ वेगवेगळे बिबटे टिपले. दुसऱ्या फेरीत ६ टिपले, त्यांतले ४ आधी पाहिलेले. म्हणजे आपल्या यादीत सहापैकी चार, दोन तृतीयांश बिबटे आधीच आले होते. आठ हे एकूण संख्येचे दोन तृतीयांश, तर एकूण १२. न दिसलेलेही मोजले गेले! डॉ. उल्हास कारंत यांनी १९९० च्या सुमारास कर्नाटकातील नागरहोळेच्या जंगलात वाघांसाठी ही रीत वापरली. बिबट्यांच्या बाबतीत आपल्या जवळचे उदाहरण अकोले तालुक्याचे. तिथल्या बागायती शेतांत डॉ. विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी असे कॅमेरे लावले. २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या निबंधात १०० चौरस किलोमीटरला सुमारे ५ मोठे बिबटे, आणि जवळजवळ तितकेच तरस, असा हिशेब निघाला. तरसांबद्दल कोणी बोलतही नाही. त्यांचा फोटो मोबाइलवर फिरत नाही ना!

या गणितालाही एक अट आहे. प्रत्येक बिबट्याला कॅमेऱ्यासमोर येण्याची थोडीफार तरी संधी हवी. सगळे कॅमेरे गाडीवाटेवर बांधले, तर वाटेने लांब फिरणारे नर जास्त टिपले जातात आणि उसाच्या फडात पिल्ले सांभाळून बसलेली मादी यादीत येतच नाही. शिवाय कॅमेऱ्याचा संवेदक प्राण्याला ‘पाहत’ नाही; आजूबाजूपेक्षा वेगळ्या तापमानाचे काहीतरी हलले, एवढेच त्याला कळते. एप्रिलच्या दुपारी जमीनच अंगाइतकी तापली की प्राणी समोरून गेला तरी कॅमेरा गप्प राहतो. उलट उन्हाने तापलेली पाचट वाऱ्याने हलली की तो टिपत सुटतो. तेव्हा ‘दुपारी बिबटे फिरत नाहीत’ हा निष्कर्ष काढण्याआधी थर्मामीटर पाहिलेला बरा.

आता भीमा ओलांडून शिरूरमधून दौंड तालुक्यात जाऊ. इथला कालव्याकाठचा ऊस मागे टाकून दक्षिणेला गेलात की माळरान लागते. लांडगा, खोकड आणि चिंकारा यांचे हे घर. पलीकडे सुप्याला मयूरेश्वर अभयारण्य आहे. जेमतेम पाच चौरस किलोमीटरचे. इथल्या लांडग्याचे सुंदर फोटो तुम्ही पाहिले असतील. सोनेरी गवत, त्यात रोखून पाहणारा लांडगा, मागे मऊ धूसर रंग. जणू शंभर कोसांत माणूस नाही!

तो धूसर रंग म्हणजे काय? मोठ्या पल्ल्याचे भिंग लावून त्याचे छिद्र पूर्ण उघडले, की ठरावीक अंतरावरची वस्तूच स्पष्ट येते आणि मागचे सारे विरघळते. त्या विरघळलेल्या रंगात धनगराचा वाडा असतो, मेंढ्यांचा कळप असतो, विजेचे खांब असतात, कधी कारखान्याचे धुराडेही. शिरूरच्या फोटोने बिबट्याला माणसाच्या अंगणात आणून बसवले, तर दौंडच्या फोटोने लांडग्याच्या शेजारून माणूसच पुसून टाकला. मला विचाराल तर दुसरी फसवणूक जास्त महाग पडते. बिबट्याच्या फोटोवर निदान वाद तरी होतो. या फोटोला बक्षीस मिळते. आणि शहरात बसून तो पाहणाऱ्याला वाटते, की मेंढरांना माळावर बंदी केली म्हणजे लांडगा सुखी होईल. प्रत्यक्षात माळावरचा लांडगा मेंढरांच्या कळपांमागे पिढ्यान्‌पिढ्या फिरत आला आहे, धनगराच्या शिव्या खात.

छिद्र लहान करा, रुंद कोनाचे भिंग लावा आणि दोन पावले बाजूला सरका. लांडगा फोटोत अंगठ्याएवढा होईल. पण डावीकडे मेंढ्या येतील, त्यांच्यामागे काठीला टेकलेला माणूस आणि त्याची दोन कुत्री, आणि लांडगा नेमका कोणाकडे रोखून पाहत होता तेही दिसेल.