साहेबाला चढलेला देवळालीचा ताप

(बोलीतली इंग्रजी : भाग १४)

गेल्या मंगळवारी 'पीस ऑफ केक'वर लिहिलं आणि त्याच संध्याकाळी झाडगावातून एका आजींचा फोन आला. नातू लंडनला असतो. व्हिडिओ कॉल चालू असताना आजी चष्मा शोधत होत्या आणि चष्मा होता कपाळावर. नातू हसून म्हणाला, "आजी, यू हॅव गॉन डूलॅली!" आजींचा प्रश्न सरळ होता : "अहो, हे डुलाली म्हणजे काय हो? शिवी नाही ना? कार्ट्याचा काही नेम नाही."

शिवी नाही, आजी. 'येडी झालीस की काय' म्हणतो ना आपण, तसला घरगुती टोमणा आहे. मित्रांत, घरात खुशाल चालतो. ज्याला खरोखर मनाचा आजार आहे त्याच्यासमोर मात्र तोंडातून काढू नये, फार लागतो. ऑफिसच्या मेलमध्येही नकोच.

गंमत अशी, की हा शब्द मूळचा आपल्या नाशकाकडचा. डूलॅली म्हणजे देवळाली!

१८६१ पासून तिथे गोऱ्या फौजेची छावणी होती. हिंदुस्थानातली नोकरी संपवून मायदेशी निघालेले शिपाई जहाज मिळेपर्यंत देवळालीला आणून ठेवत. फौजेची जहाजं साधारण थंडीच्या दिवसांत सुटायची. ज्याची मुदत चैत्रात भरली त्याने दिवाळीपर्यंत करायचं काय? धड काम नाही, घरी जाता येत नाही. वर ऊन, डास, हिवताप आणि दारू. जून-जुलैत मासेमारी बंद असताना मिरकरवाड्याच्या जेटीवर रिकाम्या बसलेल्या माणसांची चिडचिड ज्यांनी पाहिली आहे, त्यांना या शिपायांचं काय होत असेल ते वेगळं सांगायला नको. काहींची डोकी खरंच फिरली. त्या अवस्थेला बराकीत नाव पडलं 'डूलॅली टॅप'. यातला टॅप नळाचा नव्हे. तो आपला ताप. फ्रँक रिचर्ड्स नावाच्या एका जुन्या शिपायाच्या १९३६ साली छापलेल्या आठवणींतही हा ताप भेटतो. पुढे बोलण्यात ताप उतरला आणि गाव तेवढं राहिलं. आपण मात्र 'डोक्याला ताप' अजून जपून ठेवला आहे. पुण्या-मुंबईत 'डूलॅली' नावाचीच बिअर मिळते म्हणे. शिपायांना ती नक्की आवडली असती.

बीबीसीने १९७४ ते १९८१ या काळात एक विनोदी मालिका दाखवली. तिचे सुरुवातीचे भाग देवळालीच्याच छावणीत घडतात. नाव 'इट एन्ट हाफ हॉट मम'. शब्दशः अर्थ लावणारा इथे हमखास फसतो : 'अर्धंसुद्धा गरम नाही.' अर्थ बरोबर उलटा आहे. 'काही कमी उकडत नाहीये, आई!' हे मराठीत किती सहज बसतं बघा. आपणही 'नाही' म्हणूनच 'फार' म्हणतो. 'नॉट हाफ बॅड' ऐकलंत तर तोंड पाडू नका, तुमचं कौतुक चाललंय.

साहेबाच्या जिभेने आपल्या रत्नागिरी जिल्ह्यालाही सोडलेलं नाही. हर्णैचा सुवर्णदुर्ग त्यांच्या कागदोपत्री 'सेव्हर्नड्रूग' झाला. सेव्हर्न ही त्यांच्याकडची नदी. ओळखीचा आवाज कानाला लवकर लागतो. कमोडोर विल्यम जेम्सने १७५५ च्या एप्रिलात हा किल्ला तुळाजी आंग्र्यांकडून घेतला. जेम्स वारल्यावर त्याच्या बायकोने १७८४ मध्ये लंडनच्या शूटर्स हिलवर त्याची आठवण म्हणून एक तिकोनी बुरूज बांधला, 'सेव्हर्नड्रूग कॅसल'. तो आजही उभा आहे. आजी, नातवाला एखाद्या रविवारी तिकडे पाठवाच.

बराकीतून विलायतेला गेलेले आणखी काही शब्द. 'हॅव अ डेको' म्हणजे 'बघ जरा'. हे आपलं 'देखो'. 'कुशी जॉब' म्हणजे बिनघोर, आरामाची नोकरी. मागे 'खुशी' आहे. 'ब्लाइटी' म्हणजे विलायती. आपल्याकडे विलायत चिंचेला चिकटली, शिपायाच्या तोंडी ती मायदेशाला चिकटली. पहिल्या महायुद्धात खंदकातले शिपाई 'ब्लाइटी' मिळावी म्हणून आस लावून बसत. ब्लाइटी म्हणजे जिवावर न बेतणारी, पण घरी धाडण्याइतकी मोठी जखम.

आजी, पुढच्या कॉलला नातवाला एवढंच सांगा : डूलॅली हे मुंबईहून जाताना नाशिक रोडच्या अलीकडचं स्टेशन आहे, पुढच्या वेळी आलास की दाखवते.

पुढच्या मंगळवारी बोटीवरची इंग्रजी. रत्नागिरीत दर चार घरांआड कोणी ना कोणी जहाजावर नोकरी केलेला निघेल. तुमच्या घरात असेल तर त्यांच्या तोंडचे शब्द, ते म्हणतात तसेच लिहून रविवारपर्यंत पाठवा. स्पेलिंगची काळजी करू नका.