फाळक्यांचा कॅमेरा आणि मुका विनोद

दादासाहेब फाळके म्हटले की आमच्या डोळ्यांपुढे राम, कृष्ण, हरिश्चंद्र उभे राहतात. धडपड, पाठलाग, फजिती असली मुकी गंमत त्यांच्या नावाशी जोडण्यास मन धजत नाही. परंतु ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, तेव्हा जाहिरातीत विनोदी प्रवेश, पायांनी कसरत करणारा खेळाडू आणि ‘टिप-टॉप कॉमिक्स’ हेही होते. सत्त्वपरीक्षा आणि हसणे एकाच तिकिटात!

ही हसण्याची तऱ्हा कोणत्या मुशीतून आली? फाळके १९१२ साली लंडनला गेले, आणि कॅमेरा पसंत केला तो विल्यम्सनचा. हा जेम्स विल्यम्सन मूळचा औषधविक्रेता. १९०१ मधील त्याच्या एका मिनिटभराच्या चित्रात आपले छायाचित्र काढू न देणारा गृहस्थ तावातावाने पुढे येतो, त्याचे तोंड पडदाभर होते, आणि तो कॅमेऱ्यासकट कॅमेरावाल्याला गिळून चघळत मागे सरतो. ज्या सेसिल हेपवर्थचा वॉल्टन येथील स्टुडिओ फाळक्यांनी पाहिला, त्याने तर १९०० मध्येच भर रस्त्यात मोटार उडवून दिली होती. पोलीस आकाशाकडे पाहतो, वरून हातपाय पडतात, आणि हा शिस्तीचा माणूस ते निवडून लावीत बसतो!

यातली युक्ती साधी आहे. कॅमेरा थांबवावयाचा, मोटारीच्या जागी धूर करावयाचा, पुन्हा हँडल फिरवावयाचे. आमच्या मते खरी मौज पुढेच आहे: तिकडे ज्या युक्तीने मोटार नाहीशी झाली, त्याच जातीच्या युक्तीने इकडे देव प्रकट झाले. प्रेक्षकांनी हात जोडले, एवढाच फरक.

शिवाय फाळक्यांनी निव्वळ हसवणेही कमी मानले नाही. ‘मोहिनी भस्मासुर’सोबत त्यांनी ‘पिठाचे पंजे’ हे छोटे विनोदी चित्र दाखविले. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्या आपोआप हलविल्या. अशा चिटुकल्या चित्रांना पुरवणी समजून कोणी जपले नाही. मुख्य चित्रांचेच जेथे तुकडे उरले, तेथे पुरवणीला कोण विचारतो? अभ्यासकही पौराणिक चित्रांपाशीच थांबले, ही आमची तक्रार आहे.

सुदैवाने १९१९ च्या ‘कालिया मर्दन’चा मोठा भाग टिकला आहे. त्यात कृष्ण झालेली फाळक्यांची कन्या मंदाकिनी. एक बाई कृष्णावर पाणी उडवते. सवंगडी सूड म्हणून तिच्या घरचे लोणी पळवितात. मग धरपकड, मारामारी. यमुनेतला कालिया यायला अजून अवकाश असतो.