चेक परत आला, आणि घरी सांगितलंच नाही?

या आठवड्याच्या व्हिडिओत मी दुकानातली रोकड कशी सांभाळायची ते सांगितलं. पण एक गोष्ट कॅमेऱ्यासमोर बोलायला जमली नाही, ती इथे लिहितो.

एका दिवाळीला मी रेडिमेड कपड्यांचा माल जरा जास्तच भरला. होलसेलवाल्याला पुढच्या तारखेचा 1,80,000 चा चेक दिला होता. माल हलला नाही, खात्यात पैसे नव्हते, चेक परत आला. मी काय केलं? फोन सायलेंटवर टाकला. घरी विचारलं की "धंदा बरा आहे." रात्री दोन वाजता टक्क जागा. पोलीस दुकानात येणार, शेजारचे बघणार, हेच डोक्यात. आणि बीबीएला वर्किंग कॅपिटलमध्ये मला चांगले मार्क होते बरं का!

शेवटी वकिलाची नोटीस पोस्टाने घरी आली आणि सही बायकोने केली. ती चिडली, पण चेकवरून नाही. "अहो, महिनाभर तुम्ही एकटेच घाबरत बसलात?" मग आम्ही दोघं नोटीस घेऊन ओळखीच्या वकिलाकडे गेलो.

तिथे कळलं ते तुम्हालाही माहीत हवं. पैसे नाहीत म्हणून चेक परत गेला तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्टचं कलम 138 लागतं. पण लगेच केस होत नाही. बँकेकडून कळल्यापासून 30 दिवसांत समोरच्याने लेखी नोटीस पाठवायची असते. ती मिळाल्यापासून तुम्हाला 15 दिवस मिळतात. तेवढ्यात पैसे दिले तर त्या कलमाखाली गुन्हा होत नाही. नाही दिले तर पुढच्या महिनाभरात तो कोर्टात तक्रार करू शकतो. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुप्पट रकमेपर्यंत दंड, किंवा दोन्ही. म्हणजे हलक्यात घ्यायचं नाहीच. पण केस उभी राहिल्यावरसुद्धा तडजोड करता येते.

मी समजत होतो सगळं संपलं. प्रत्यक्षात 15 पैकी फक्त तीन दिवस गेले होते.

त्या रात्री बायकोने उधारीची वही काढली. 62,000 बाहेर होते. मला मागायला लाज वाटायची, तिने फोन लावले, 41,000 आले. पडून असलेला माल खरेदीच्या भावात काढला, त्याचे 65,000. तिच्या भिशीचे 30,000. दागिने गहाण ठेवायचं मी काढलं होतं, तिने सरळ नाही म्हटलं. बरोबरच होतं तिचं.

उरले 44,000. दोघं मिळून होलसेलवाल्याच्या गाळ्यावर गेलो. तो म्हणाला, "शेठ, फोन उचलला असतात तर वकिलाचा खर्च तरी वाचला असता माझा." 22,000 चे दोन हप्ते ठरले. तोंडी नाही, दोघांच्या सह्यांनी कागदावर. हे विसरू नका, अर्धे पैसे देऊन तोंडी शब्दावर राहिलात तर नोटिशीचे दिवस काही थांबत नाहीत.

आता दिलेल्या प्रत्येक चेकची तारीख आमच्या स्वयंपाकघरातल्या कालनिर्णयवर लाल पेनने लिहिलेली असते. या महिन्यात तीन आहेत.