गहुंजेत मॅच संपली, आता घरी कसं जायचं? लोणावळा लोकल इतकी जवळ असूनही कामाला का येत नाही?

रात्रीचे पावणेअकरा. शेवटची विकेट पडते, फटाके फुटतात, ३०-३५ हजार लोक एकदम उठतात. पुढची १० मिनिटं सेल्फी, घोषणा, तिरंगे. आणि मग प्रत्येकाच्या फोनवर एकच प्रश्न येतो: "अरे, घरी कसं जायचं?"

पुण्यात इंटरनॅशनल मॅच किंवा आयपीएल पाहिलेल्या माणसाला हा प्रश्न नवा नाही. कॅबचं भाडं दुप्पट-तिप्पट दाखवतं किंवा कॅब मिळतच नाही. पार्किंगमधून गाडी बाहेर काढण्यातच तास जातो. आणि गंमत म्हणजे हे सगळं चालू असताना काही किलोमीटरवरून पुणे-लोणावळा लोकलचा रेल्वेमार्ग जातोय.

मग लोक लोकलने का जात नाहीत? जगात इतर ठिकाणी हे कसं जमतं? आणि जायचंच असेल तर काय काळजी घ्यायची? सगळं समजून घेऊया.

स्टेडियम शहराबाहेर गेलं कसं?

जुन्या पुणेकरांना आठवत असेल, पूर्वी पुण्यात मॅच म्हणजे स्वारगेटचं नेहरू स्टेडियम. १९९६ च्या वर्ल्डकपमध्ये केनियाने वेस्ट इंडिजला हरवून खळबळ उडवली, ती मॅच इथलीच. २९ फेब्रुवारी १९९६. नोव्हेंबर २००५ मध्ये भारत आणि श्रीलंका यांच्यात इथे वनडे झाली. स्टेडियमला लागूनच एसटी स्टँड आणि सिटी बसचा डेपो. मॅच संपली की चालत पाच-दहा मिनिटांत बस.

पण मैदान महापालिकेचं होतं. महाराष्ट्र क्रिकेट असोसिएशनला स्वतःचं मोठं स्टेडियम हवं होतं आणि त्यासाठी मोठी जागा हवी होती. ती मिळाली मावळ तालुक्यातल्या गहुंजे गावात, पुणे-मुंबई एक्सप्रेसवेच्या कडेला. मायकेल हॉपकिन्स या ब्रिटिश आर्किटेक्टच्या कंपनीने डिझाइन केलेलं हे स्टेडियम एप्रिल २०१२ मध्ये सुरू झालं. क्षमता साधारण ३७ हजार.

तेव्हापासून इथे बरंच काही घडलंय. २०१७ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या स्टीव्ह ओ'कीफने टेस्टमध्ये १२ विकेट घेऊन भारताला तीन दिवसांत हरवलं. २०१९ मध्ये विराट कोहलीने दक्षिण आफ्रिकेविरुद्ध नाबाद २५४ केले. २०२३ च्या वर्ल्डकपचे पाच सामने इथे झाले. ऑक्टोबर २०२४ मध्ये न्यूझीलंडच्या मिचेल सँटनरने १३ विकेट घेतल्या.

जागा निवडताना हिशेब एक्सप्रेसवेचा झाला. म्हणजे गाडीने येणाऱ्याचा. ज्याच्याकडे गाडी नाही, तो या हिशेबात मागे राहिला.

रेल्वे किती जवळ आहे?

पुणे-लोणावळा लोकल १९७८ पासून धावते. पुणे, शिवाजीनगर, खडकी, दापोडी, कासारवाडी, पिंपरी, चिंचवड, आकुर्डी, देहूरोड, बेगडेवाडी, घोरावाडी, तळेगाव आणि पुढे लोणावळा असा हा मार्ग. यातली देहूरोड आणि बेगडेवाडी ही स्टेशनं गहुंजेच्या स्टेडियमसाठी जवळची. पिंपरी-चिंचवडमध्ये राहणाऱ्याला तर ही लोकल म्हणजे सरळ घरी नेणारी गाडी.

कागदावर हे उत्तम दिसतं. तिकीट अगदी स्वस्त आणि ट्रॅफिकचा प्रश्नच नाही.

एक साधा हिशेब करून बघा. समजा स्टेडियम पूर्ण भरलं आणि दहापैकी फक्त एकाने लोकलने जायचं ठरवलं. म्हणजे ३,७०० माणसं. ही माणसं चार-चार करून कारने गेली तर सव्वानऊशे कार लागतील. लोकलने गेली तर? १२ डब्यांच्या लोकलमध्ये नुसती बसायची जागाच हजाराच्या वर असते. उभे राहणारे धरले तर दोन गाड्यांत सगळे मावतील. सव्वानऊशे कार विरुद्ध दोन लोकल!

मग अडतं कुठे?

तीन ठिकाणी.

पहिलं, स्टेशनपर्यंतचा रस्ता. स्टेडियम ते स्टेशन हे अंतर काही किलोमीटरचं आहे. दिवसा रिक्षाने हे काहीच नाही. पण रात्री ११ वाजता हजारो लोक एकदम बाहेर पडतात तेव्हा रिक्षा मिळत नाही आणि मिळालीच तर मीटर विसरा. मध्ये जुना मुंबई-पुणे हायवे, भरधाव ट्रक, देहूरोडचा लष्करी परिसर. लहान मुलं सोबत असलेलं कुटुंब किंवा दोघी मैत्रिणी हा रस्ता अंधारात चालत जाण्याची हिंमत कशी करणार?

दुसरं, वेळ. टी-ट्वेंटी सात वाजता सुरू झाली तर संपायला पावणेअकरा होतात. आयपीएलची मॅच साडेसातला सुरू होते आणि सहज साडेअकरापर्यंत जाते. पुणे-लोणावळा मार्गावर लोकल मुंबईसारख्या दर तीन-चार मिनिटांनी नसतात. गर्दीची वेळ सोडली तर दोन गाड्यांमध्ये तासाभराचं किंवा त्याहून जास्त अंतर असू शकतं. रात्री तर मोजक्याच गाड्या. एक चुकली तर पुढची आहे की नाही इथपासून सुरुवात.

त्यात क्रिकेट म्हणजे वेळ न पाळणारा खेळ. २ नोव्हेंबर २०२५ ला नवी मुंबईत झालेली महिला वर्ल्डकपची फायनल आठवा. पावसामुळे मॅच दोन तास उशिरा सुरू झाली आणि भारताने कप उचलला तेव्हा मध्यरात्र झाली होती. अशा वेळी छापील वेळापत्रकातली लोकल कुणाची वाट बघणार?

तिसरं कारण सगळ्यात मोठं: रूळच कमी आहेत. पुणे ते लोणावळा दोनच लाइन. एक जायची, एक यायची. त्याच रुळांवरून मुंबई-पुणे गाड्या, दक्षिणेकडे जाणाऱ्या लांब पल्ल्याच्या गाड्या, मालगाड्या आणि लोकल सगळं धावतं. त्यामुळे 'मॅच आहे, सोडा दोन जादा लोकल' हे म्हणायला सोपं, करायला अवघड. या मार्गावर तिसरी आणि चौथी लाइन टाकायची मागणी अनेक वर्षांची आहे. राज्य मंत्रिमंडळाने २०२५ मध्ये या लाइनना मान्यता दिली. पण मान्यता मिळणं आणि गाडी धावणं यात काही वर्षं जातात, हे पुणेकरांना वेगळं सांगायला नको.

मारुंजीकरांचं काय?

स्टेडियमपासून सरळ रेषेत बघितलं तर मारुंजी दहा किलोमीटरच्याही आत. मारुंजी, जांबे, नेरे या मुळशीतल्या गावांमध्ये आता उंच टॉवर उभे राहिलेत आणि हिंजवडीत नोकरी करणारी तरुण मंडळी इथे मोठ्या संख्येने राहतात. म्हणजे मॅचचं तिकीट काढणारा नेमका हाच वर्ग.

पण या भागात रेल्वे नाही. मध्ये पवना नदी आणि एक्सप्रेसवे. लोकल पकडली तरी ती तुम्हाला देहूरोड, आकुर्डी किंवा चिंचवडला सोडणार, आणि तिथून रावेत-पुनावळेमार्गे पुन्हा रस्त्यानेच मारुंजी गाठायची. थोडक्यात, १० किलोमीटरवरच्या घरासाठी गाडी बदलत उलटा फेरा.

या भागासाठी आशेची गोष्ट म्हणजे मेट्रो. हिंजवडीच्या मेगापोलिस सर्कलपासून शिवाजीनगरपर्यंतचा २३ किलोमीटरचा मार्ग मारुंजीच्या शेजारून जातो. दुसरीकडे पिंपरीची मेट्रो निगडीच्या भक्ती-शक्ती चौकापर्यंत वाढवायला ऑक्टोबर २०२३ मध्ये मंजुरी मिळाली. पण यातला एकही मार्ग गहुंजेपर्यंत जात नाही. निगडीहून पुढे बसच लागणार.

२०२३ च्या वर्ल्डकपला पीएमपीएमएलने पुणे मनपा, कात्रज आणि निगडीहून स्टेडियमसाठी खास बस सोडल्या होत्या. म्हणजे ठरवलं तर जमतं. फक्त ते प्रत्येक मॅचला ठरलेलं असायला हवं.

बाकीच्यांना कसं जमतं?

आधी घरचं उदाहरण. मुंबईचं वानखेडे स्टेडियम चर्चगेट आणि मरीन लाइन्स स्टेशनच्या मध्ये, रुळांना खेटून आहे. मॅच संपली की लोक चालत चर्चगेटला येतात आणि मध्यरात्रीपर्यंत लोकल असतेच. नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमसाठी नेरूळ स्टेशन आहे. जानेवारी २०२५ मध्ये तिथे कोल्डप्लेची कॉन्सर्ट झाली, तेव्हा पश्चिम रेल्वेने गोरेगाव ते नेरूळ खास लोकल सोडल्या होत्या.

अहमदाबादमध्ये मॅचच्या दिवशी मेट्रो उशिरापर्यंत चालते आणि परतीच्या प्रवासासाठी ५० रुपयांचं खास तिकीट आधीच काढता येतं, म्हणजे रात्री खिडकीवर झुंबड नको. कोलकात्यात ईडन गार्डन्सच्या मॅचनंतर एस्प्लनेडहून रात्रीची खास मेट्रो सुटते. चेन्नईत २०२४ च्या आयपीएलला मॅचचं तिकीट दाखवलं की सिटी बस फुकट होती.

परदेशात बेसबॉलचं असंच. न्यूयॉर्कमध्ये यांकी स्टेडियमसाठी २००९ मध्ये उपनगरी रेल्वेचं वेगळं स्टेशनच बांधलं. जपानची गोष्ट तर अजून भारी. ओसाकाजवळचं कोशिएन हे प्रसिद्ध बेसबॉल स्टेडियम १९२४ मध्ये बांधलं हानशिन या रेल्वे कंपनीने. लोक मॅचला येतील, म्हणजे आपल्या गाडीत बसतील, हा साधा धंद्याचा विचार! आजही तिथे मॅच कधी संपेल याचा अंदाज घेत जादा गाड्या तयार ठेवल्या जातात.

आणि आपल्याकडे? २०१८ मध्ये चेन्नई सुपर किंग्जच्या मॅच पुण्यात हलवल्या, तेव्हा साधारण हजार फॅन चेन्नईहून 'व्हिसल पोडू एक्सप्रेस' नावाच्या खास ट्रेनने आले. हजारावर किलोमीटर रेल्वेने आले, आणि शेवटचा टप्पा मात्र रस्त्यानेच.

गर्दीचा विषय हलका घेऊ नका

'लोकल सोडा' एवढं म्हणून भागत नाही, कारण छोट्या स्टेशनवर एकदम हजारो लोक आले तर धोका असतो. २९ सप्टेंबर २०१७ ला मुंबईत एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या पुलावर चेंगराचेंगरी झाली आणि २३ जणांचा जीव गेला. ४ जून २०२५ ला बंगळुरूत आरसीबीच्या विजयोत्सवात चिन्नास्वामी स्टेडियमबाहेर ११ जण गेले. दोन्ही ठिकाणी लोक भांडायला आले नव्हते. एक घाईत होते, दुसरे आनंदात.

म्हणून गहुंजेसाठी लोकल वापरायची तर चार गोष्टी एकत्र हव्यात: मॅच संपण्याशी जुळणारी जादा गाडी, स्टेडियम ते स्टेशन सतत फिरणाऱ्या बस, उजेड असलेला रस्ता आणि प्लॅटफॉर्मवर गर्दी टप्प्याटप्प्याने सोडणारे पोलीस. यासाठी क्रिकेट असोसिएशन, रेल्वे, पीएमपीएमएल आणि पोलीस या चौघांना एका टेबलावर बसावं लागेल. यात नवीन रूळ टाकावे लागत नाहीत. रात्रीची एक-दोन गाड्यांची जागा शोधावी लागते.

पुढच्या मॅचला जाताय? मग हे लक्षात ठेवा

• परतीचा विचार तिकीट काढतानाच करा. मॅचसाठी जादा लोकल असेलच असं गृहीत धरू नका. त्या दिवशीचं वेळापत्रक तपासा आणि तुमची शेवटची गाडी कोणती ते लिहून ठेवा.

• पीएमपीएमएलने खास बस जाहीर केल्यात का बघा. परतीची बस कुठून सुटते ते जातानाच विचारून घ्या.

• स्वतःची गाडी असेल तर ती स्टेडियमपर्यंत न नेता निगडी-आकुर्डीकडे लावून पुढे बसने जाता येतं का बघा.

• लोकलचं तिकीट मोबाइल ॲपवर स्टेशनला पोहोचण्याआधीच काढा. मॅचनंतर हजारो फोन एकाच टॉवरवर असतात, नेटवर्क मिळेलच असं नाही. फोनची बॅटरीही वाचवा.

• गाडी समोर दिसली तरी रूळ ओलांडू नका. पूल वापरा. ओव्हर चुकली तर हायलाइट्स बघता येतात.

• मारुंजी-हिंजवडीकडे जाणाऱ्यांनी सोसायटीच्या ग्रुपवर आधीच विचारा. एका कारमध्ये चौघं गेलात तर खर्चही वाटला जातो आणि रस्त्यावर तीन गाड्या कमी होतात.

मॅचचं तिकीट हजार-दोन हजारांचं असतं. आपण ते आनंदाने काढतो. पण शेवटच्या दोन ओव्हर उरल्या असताना, १२ बॉलमध्ये २० रन हवे असताना, शेकडो लोक उठून गेटकडे पळतात. त्यांना मॅचचा कंटाळा आलेला नसतो, शेवटची गाडी चुकेल ही भीती असते. ज्या दिवशी गहुंजेत शेवटचा बॉल पडेपर्यंत सगळे निवांत बसून राहतील, त्या दिवशी पुण्याचं स्टेडियम खऱ्या अर्थाने पूर्ण झालं असं म्हणता येईल.