बीजगणितातील सामाईक अवयव

बीजगणिताचे नाव काढताच कपाळाला आठ्या पडणारे श्रोते या सभेत पुष्कळ असतील. शाळेत असताना आम्हीही त्यांच्याच बाकावर बसत होतो. अवयव पाडावयाचे कसे हे आम्हांला शिकविले गेले. कशासाठी, हे मात्र कोणी सांगितले नाही.

वास्तविक हे काम आपण बाजारात नित्य करीत असतो. ४८ रुपयांस एक या भावाने सकाळी ३७ वह्या घेतल्या आणि संध्याकाळी आणखी ६३ घेतल्या, तर दोन स्वतंत्र गुणाकार मांडून मग बेरीज करणारा दुकानदार विरळाच. शंभर वह्या, चार हजार आठशे रुपये, असे तो तत्काळ सांगेल. दोन्ही ठिकाणी असलेले ४८ त्याने बाजूस काढले, एवढेच. यालाच सामाईक अवयव कंसाबाहेर काढणे म्हणतात.

आता १२क्ष²य + १८क्षय² ही राशी घेऊ. १२ व १८ या दोहोंना २ ने भाग जातो, ३ नेही जातो. पण सर्वांत मोठा विभाजक ६, म्हणजेच आपला शाळेतला मसावि. अक्षरांपैकी जे दोन्ही पदांत आहे तेच घ्यावयाचे, तेही त्याच्या लहानात लहान घाताचे. म्हणून ६क्षय बाहेर आले आणि कंसात २क्ष + ३य उरले. नुसते २ बाहेर काढले असते तर ती चूक नव्हे, पण काम अर्धवट राहिले असते.

एक ठेच बहुतेकांना लागते. ६क्ष² + ३क्ष यातून ३क्ष बाहेर काढल्यावर दुसऱ्या पदाचे काहीच उरले नाही असे वाटते. उरतो १! उत्तर ३क्ष(२क्ष + १). संशय आल्यास क्ष = १ घालून पाहावे: दोन्हीकडे ९ येतात.

पण खरी गंमत पुढेच आहे. ज्या संख्येचा वर्ग तिच्या पाचपटीएवढा आहे ती कोणती? क्ष² = ५क्ष. घाईने दोन्ही बाजूंना क्ष ने भागले की उत्तर ५ येते, आणि एक उत्तर आपल्या हातून कायमचे निसटते. शून्याचा वर्ग शून्य, पाचपटही शून्यच! क्ष ने भागताना तो शून्य नाही असे आपण न सांगता गृहीत धरलेले असते. त्याऐवजी क्ष² − ५क्ष = ० असे लिहून क्ष(क्ष − ५) = ० केले, तर गुणाकार शून्य असल्याने दोहोंपैकी एक अवयव शून्य असलाच पाहिजे. ० आणि ५, दोन्ही उत्तरे हाती लागतात.

१११४ साली जन्मलेल्या भास्कराचार्यांना सामाईक अवयवाचे महत्त्व पुरते ठाऊक होते. 'लीलावती'तील कुट्टकाच्या प्रकरणात भाज्य, हार आणि क्षेप यांना प्रथम सामाईक संख्येने भागून लहान करावे, असे ते सांगतात. भाज्य व हार यांना जिने भाग जातो तिने क्षेपाला जात नसेल, तर ते उदाहरणच दुष्ट, म्हणजे न सुटणारे. आपल्या भाषेत पाहू. १२ रुपयांच्या व १८ रुपयांच्या वस्तू मिळून बरोबर १०० रुपयांचे बिल होईल काय? १२म + १८न म्हणजे ६(२म + ३न). १०० ला ६ ने भाग जात नाही. तेव्हा कितीही खटपट केली तरी ते व्हावयाचे नाही. १०२ चे मात्र होते: १२ ची एक आणि १८ च्या पाच.