वेल बहरण्यासाठी हवा पाण्याचा ताण

अकोला : उन्हाळ्यात पारा ४५ अंशांपलीकडे जाणाऱ्या अकोल्यात फुलवेलींची हौस मात्र कमी नाही. जठारपेठेसारख्या वस्तीत अंगण नसले, तर बाल्कनीच्या गजांवर वेल चढविली जाते. वेल हिरवीगार आहे, पण फुले नाहीत, ही तक्रारही नेहमीचीच. अशा वेळी पाणी व खत वाढविले जाते. अनेकदा दुखण्याचे मूळ तेच असते.

पाणी मुबलक असेपर्यंत वेल पाने व फांद्या वाढवीत राहते. पाणी तोडले की वाढ थांबते, अन्नाचा साठा होतो आणि पुन्हा पाणी मिळताच नव्या फुटीबरोबर कळ्या येतात. वऱ्हाडातील संत्रा बागायतदार याच तत्त्वावर झाडांना ताण देऊन आंबिया किंवा मृग बहर धरतात.

बोगनवेलीला हे तंत्र विशेष मानवते. दिवसाचे किमान सहा तास ऊन, थोडी लहान कुंडी आणि पानांची टोके किंचित मलूल झाल्यावरच पाणी, एवढे तिला पुरेसे असते. युरियासारख्या नत्रयुक्त खताने केवळ पाने वाढतात. मोगऱ्याचे पाणी डिसेंबरमध्ये कमी करावे, नंतर छाटणी करून शेणखत व भरपूर पाणी द्यावे. उन्हाळ्याच्या तोंडावर कळ्या लागतात. मधुमालतीची फुले नव्या फुटीवर येत असल्याने हिवाळा सरताना तिच्या जुन्या फांद्या छाटाव्यात.

येथील काळी माती पाणी दीर्घकाळ धरून ठेवते. त्यामुळे सांडपाण्याच्या नळीजवळ लावलेल्या वेलीला ताण बसतच नाही. कुंडीत या मातीत वाळू व शेणखत मिसळावे. पूर्णा खोऱ्यातील खारपाणपट्ट्यात कूपनलिकेच्या पाण्यातील क्षार कुंडीत साचतात. पांढरा थर दिसल्यास तो खरवडून काढावा व पावसाळ्यात कुंडी उघड्यावर ठेवून माती धुऊन निघू द्यावी.

मात्र, ताण हिवाळ्यातच द्यावा. मे महिन्यात कुंडीतील वेलीचे पाणी तोडल्यास ती फुलण्याऐवजी वाळेल. त्या दिवसांत सकाळी लवकर पाणी देऊन मुळांवर पालापाचोळ्याचे आच्छादन करावे. फुले येत नाहीत म्हणून वर्षानुवर्षे जोपासलेली वेल उपटून टाकण्यापूर्वी, एक हिवाळा तिला थोडे तहानलेले ठेवून पाहणे इष्ट.