नरनाळ्यातला कैदी राजा

संग्रामपूरहून सातपुड्याच्या कडेकडेने पूर्वेला गेलं की अकोट तालुक्यात शहानूर लागतं. त्याच्या डोक्यावरचा डोंगर म्हणजे नरनाळा. वऱ्हाडचं स्वतंत्र राज्य, एलिचपूरची इमादशाही, या किल्ल्यावर संपली. 1565 ते 1574 ही तिची शेवटची दहा वर्षं.

त्या काळी ज्याच्या नावाने शुक्रवारचा खुतबा वाचला जाई आणि नाणं पाडलं जाई, तो राजा. कारभार मात्र दुसऱ्याच्या हाती असू शके. 1562च्या सुमारास दर्या इमादशहा वारला, गादीवर त्याचा लहानगा मुलगा बुऱ्हाण आला. कारभारी तुफालखानाने त्याला नरनाळ्यात कोंडलं आणि राज्य आपल्याकडे घेतलं. पण त्याने पोराला मारलं नाही. कैदेत असला तरी तो जिवंत राजाच होता.

जानेवारी 1565मध्ये दख्खनच्या चार सुलतानांनी तालिकोटला विजयनगर मोडलं. वऱ्हाड त्यात नव्हतं, आणि पुढे ते त्याला भोवलं असं मला वाटतं. विजयनगरचा धाक संपल्यावर विजापूर आणि अहमदनगरने आपसात ठरवलं: कर्नाटकात विजापूरने हातपाय पसरावेत, वऱ्हाड अहमदनगरच्या निजामशाहीने घ्यावं. पूर्णा नदीकाठची काळी, कपाशीची जमीन कुणालाही हवीशी वाटणारीच.

चढाईला निमित्त हवं होतं. मुर्तझा निजामशहाने तुफालखानाला निरोप धाडला: तुझ्या धन्याला सोड. म्हणजे ज्याला कोंडून तुफालखान राज्य करत होता, त्याच्याच नावाने तुफालखानावर फौज आली.

तुफालखान नरनाळ्यात शिरला, मुलगा शमशेर-उल-मुल्क गाविलगडावर. नरनाळा जाफराबाद, नरनाळा आणि तेलियागड अशा तीन गडांचा, वर तळ्यांमागून तळी. खाली खारपाण पट्ट्यात राहणाऱ्याला त्या गोड्या पाण्याचं मोल सांगायला नको. पाणी संपून हा गड पडणं कठीणच. अहमदनगरचा वजीर चंगीझखान याने तोफा डागल्या, शिवाय आतली माणसंही पैशाने फोडली. 1574मध्ये नरनाळा पडला, गाविलगडही गेला. तुफालखान, शमशेर आणि ज्याच्या सुटकेसाठी म्हणून लढाई झाली तो बुऱ्हाण, तिघेही कैदेत गेले आणि कैदेतच मेले.

तरी नावाची किंमत उरलीच होती. खानदेशच्या फारुकी सुलतानाने लगेच दर्या इमादशहाचा मुलगा म्हणवणारा एक जण पुढे केला, आणि वऱ्हाडात त्याच्याभोवती माणसं जमली. मुर्तझाला फौज परत फिरवावी लागली, ती खानदेशात पार असीरगडापर्यंत.